लेकीच्या घरचं पानी

“माझा डोळा गेला तरी चालंल, पन लेकीच्या नावावर औशिद घेनार न्हाई मी. आन तू कोन मला शिकवनार? सातवी नापास!”

आबा ओट्यावरनं वरडत हुता आन मी खाली आंगनात हुबा. नापास न्हाई, मी शाळा सोडली, ह्ये त्याला किती बाऱ्या सांगितलं. मास्तरनं कान पिळला, मी त्याचा हात झिडकारला, दप्तर तिथंच टाकलं आन घरी आलो. नापास व्हायला आधी परीक्षेला बसाया लागतं.

मी म्हनलो, “डोळा तुमचा जाईल, पन रोज सकाळी हात धरून वड्याला न्यायचं काम माझ्याकडं येनार हाय.”

आईनं आतनं मला दम दिला. आबा माझा आजा. कारभारी त्याचं नाव आन सभावबी तसाच, सगळ्या घराचा कारभार त्याच्या जिभंवर. त्यानं हातातला घायपाताचा दोर माझ्या अंगावर फेकला. नेम चुकला. उजव्या डोळ्यानं त्याला मी नीट दिसतच नव्हतो, म्हनून तर भांडान चाललं हुतं.

पंधरवडा झाला, त्याचा डोळा लालभडक हुता. कपाळ ठनकायचं. दोनदा उलटी झाली. चिमनी लावली का म्हनायचा, जोतीभवती रंगाचं कडं दिसतंय. आधी आमी हसलो. मग गावात ज्यो त्यो शाना व्हायला लागला. सरपंच म्हनला मोतीबिंदू हाय, पिकू द्या, पिकल्याबिगर डॉक्टर हात लावीत न्हाईत. शेजारच्या मच्छिंद्रनं कांद्याचा रस सांगितला. त्यो रस घातला त्या दिशी आबानं मच्छिंद्रच्या सात पिढ्या काढल्या. येक जन तर म्हनला मंत्र्याला अर्ज करा. जसा काय मंत्री गाडीतनं उतरून आबाच्या डोळ्यात फुंकर मारनार हुता.

शेवटी मीच दुष्काळातल्या सरकारी खडीच्या कामावर खाडा केला आन त्याला पारनेरला सरकारी दवाखान्यात नेलं. डॉक्टर तरना हुता. त्यानं आबाला डोळं मिटायला लावलं आन पापन्यांवरनं दोन्ही डोळं बोटांनी हळू दाबून बघितलं. मग माझं बोट धरून तसंच दाबून दावलं. डावा डोळा मऊ लागला. उजवा गोटीवानी टनक.

डॉक्टर म्हनला ह्ये मोतीबिंदू न्हाई, काचबिंदू हाय. आत पान्याचा दाब वाढतोय. ह्ये पिकायची वाट बघायची नसती, वाट बघितली का उजेड जातो आन गेलेला उजेड परत येत न्हाई. हितं त्याचं आपरेशन व्हत न्हाई, पुन्याला न्या, आठवड्याच्या आत न्या. मी खिशातली यष्टीच्या भाड्याची चिल्लर चाचपली. माझ्या तोंडाकडं बघून त्याला काय समजायचं त्ये समजलं. मग त्यानं इचारलं, घरातलं कोनी कारखान्यात नोकरीला हाय का? कामगार इमा असतो, सरकारचा. कामगाराच्या आईबापाचाबी दवापानी त्यात फुकट व्हतो, फकस्त त्यो कामगार त्यांना सांभाळत असला पायजे.

मी म्हनलो हाय की. माझी आत्या, छबूबाई. पिंपरीला औषिधाच्या कंपनीत बाटल्या धुती, कायम हाय.

डॉक्टर म्हनला मग इथं काय करताय?

बाहेर येऊन मला लई बरं वाटलं. सगळ्या तालुक्यात हिंडून शेवटी मदत घरातच घावली हुती. आबा मात्र यष्टीत बसल्यापास्नं बोलला न्हाई, आन घरी आल्यावर जे वरडायला लागला त्ये वर सांगितलंच.

त्याचं कारन आमच्याकडं कुनालाबी सांगाया लागत न्हाई, तरी सांगतो. लेक दिली का बाप तिच्या घरी जेवत न्हाई, तिला लेकरू व्हईस्तोवर. लेकरू झालं का नातवाच्या हातनं पानी घ्यायचं, मग सगळं मोकळं. बाकीची लोकं आता येवढं पाळीत न्हाईत, पन आबा पाळतो. छबूआत्याला लेकरू न्हाई. पंधरा सालं झाली लग्नाला. पंधरा सालात आबानं तिच्या घरच्या पान्याला तोंड लावलं न्हाई. वरसातनं येकदा जायचा, तर फिरकीच्या झाकनाचा तांब्या घरनं भरून न्यायचा. त्याच्या मनानं त्यो लेकीचा मान राखीत हुता. पन त्यो तांब्या दारात ठिवला का आळीतल्या बायांना न इचारता समजायचं का हिला मूल न्हाई.

आत्यानं ट्रकवाल्या कानिफनाथकडं सांगावा धाडला. आबाला घेऊन या, मी सायबाशी बोलले, माझ्या कार्डावर त्यांचं नाव घालते. कानिफनाथ आमच्याच गावचा, पिंपरीला वाळू न्यायचा. त्यो आबाम्होरं बसून सांगत हुता आन आबा दोर वळीत हुता. त्या दिशी आबाला लई उलटी झाली. दुसऱ्या दिशी सकाळी त्यानं तांब्या घासायला घेतला. मला समजलं का म्हातारा तयार झाला.

तांब्यात टँकरचं पानी. आमच्या हिरी कवाच आटल्या हुत्या, टँकर आला का बाया घागरींनी मारामाऱ्या करायच्या. त्यातलं तांब्याभर पानी आमी पिंपरीला घेऊन चाललो, जिथं आत्याच्या मोरीत नळ हुता. मला हसू येत हुतं आन रागबी येत हुता. आईनं चार ज्वारीच्या भाकरी आन मिरचीचा ठेचा फडक्यात बांधून दिला. त्या दुष्काळात गावाला मिलोच्या, रेशनवरच्या परदेशी ज्वारीच्या, लाल भाकरी चालल्या हुत्या, आमच्या घरात मातर अधनंमधनं ज्वारी असायची. राहात्याच्या मामाकडनं येती, असं आई सांगायची. राहात्याला पाटाचं पानी, तिथं ज्वारी असनारच. आबाला सुनेच्या भावाचं चालायचं. म्हनायचा, सोयऱ्याचं घेतलं तर सुगीला फेडता येतं.

आत्याच्या खोलीत आमी पोचलो तवा तिनं शेवयाची खीर केली हुती. केली हुती म्हंजे कुनासाठी केली हुती, त्यो तर खानार न्हाई ह्ये तिला ठावं हुतं. तरी केली. आबा उंबऱ्याच्या बाहेर पायरीवर बसला, फडकं सोडलं, भाकर खाल्ली, तांब्यातलं दोन घोट पानी पेला आन फिरकी घट्ट लावली. माझी खीर मी आत बसून खाल्ली. आत्याचा नवरा, बन्सीमामा, सायकलीच्या दुकानातनं आला, सासऱ्याच्या पाया पडला आन परत गेला. आत्या आबाच्या मागं दारात बसून त्याच्या पाठीकडं बघत हुती. हात पुढं करायची आन मागं घ्यायची. त्याच्या सदऱ्याला पाठीवर मोठा फाटा गेल्ता, तिला त्यो शिवायचा हुता बहुतेक.

मग तिनं त्याला समजावून सांगितलं. उद्या इम्याच्या हापिसात सायेब इचारंल का तुमाला कोन सांभाळतं. तुमी म्हना लेक सांभाळती. येवढंच म्हना, आबा, बाकीचं मी बघते. आबा काय बोलला न्हाई. आत्याला वाटलं का गप हाय म्हंजे कबूल हाय. मलाबी तसंच वाटलं. आबा गप बसला का काय समजायचं, ह्ये आमा दोघांनाबी इतक्या वरसात समजायला पायजे हुतं.

हापिसात लाकडी बाक हुतं आन त्यावर आमच्यासारखीच मानसं. कारकून चष्मेवाला, बारीक. मी त्याला बघूनच ठरवलं हुतं का ह्यो तरास देनार. पन त्यानं आबाला खुर्ची दिली. आत्याचं कार्ड बघितलं, नाव लिहिलं, गाव लिहिलं. मग म्हनला, “बाबा, तुम्हाला कोण सांभाळतं? ही मुलगी सांभाळते ना?”

आबा म्हनला, “मला कोन सांभाळनार? अजून दोर वळतो मी. नातू खडीवर जातो.”

आत्यानं मान खाली घातली. कारकुनानं पेन खाली ठिवलं. मी बघितलं त्ये. त्याला लिहायचं नव्हतं म्हनून त्यानं पेन ठिवलं. त्यानं परत इचारलं, जरा वाकून, हळू. म्हनला, बाबा, नीट ऐका, ही तुमची मुलगी तुमच्या खाण्यापिण्याचं बघते, असंच ना? म्हंजे उत्तर त्यानं सोताच दिलं हुतं. आबानं नुसती मान हालवायची हुती. मी मागनं म्हनलो, आबा, व्हय म्हना की. जोरात म्हनलो. बाकावरची सगळी बघाया लागली.

आबानं पिशवीतनं तांब्या काढला आन टेबलावर ठिवला. “सायेब, ह्यो बघा. पंधरा सालं झाली, लेकीच्या घरचं पानी पेलो न्हाई मी. तिला लेकरू न्हाई. खान्यापिन्याचं काय इचारता?”

सगळ्या हापिसात ऐकू गेलं. तिथं आत्याच्या कंपनीतल्या दोन बाया बसल्या हुत्या. आत्याचं तोंड उतरलं. तिनं आबाकडं बघितलं न्हाई, कारकुनाकडं बघितलं आन येकदम सरळ बोलली, कामावर हजेरी सांगावी तशी.

“सायेब, लिहा. ह्यांच्या पिशवीत भाकर हाय, ती ज्वारी मी धाडलेली हाय. दादा गेल्यापास्नं मीच धाडते.”

दादा म्हंजे माझा बाप. हिरीचं काम करताना दरड अंगावर येऊन गेला. त्याला तीन सालं झाली.

मला ठावं हुतं. पोतं कानिफनाथच्या ट्रकातनं यायचं, आमी त्ये मच्छिंद्रच्या पडवीत उतरून घ्यायचो आन आबा रानात गेला का घरी आनायचो. राहात्याच्या मामाचं नाव आईनं घातलं हुतं, कारन लेकीचं म्हनलं असतं तर आबानं ताटाला हात लावला नसता.

कारकुनानं पेन उचललं. आबा लई येळ आत्याकडं बघत राह्यला. डावा डोळा तिच्यावर आन उजवा कुठंच न्हाई. मग म्हनला, “खोटं हाय. लिहू नका.”

पिशवीतनं भाकरीचं फडकं काढलं, त्यात दोन भाकरी राह्यल्या हुत्या, त्ये टेबलावर कारकुनाच्या म्होरं ठिवलं. तांब्या उचलला आन बाहेर पडला. दार कुठं हाय त्ये त्याला नीट दिसलं न्हाई, चौकटीला खांदा लागला.

कारकून माझ्याकडं बघून म्हनला, त्यांना समजावा आणि परत घेऊन या. मी हितंच असतो. मी त्याच्यावर खेकसलो, समजावून झालंय म्हनलो. त्यो काय वाईट बोलला नव्हता. आत्या फडक्याची गाठ परत बांधत हुती. म्हनली, मी बोलायला नको हुतं रं भीमा. मी पळालो, कारन आबा रस्त्यावर गेला हुता आन उजव्या अंगानं येनारी गाडी त्याला दिसनार नव्हती.

परतीच्या यष्टीत शिरूर मागं पडलं. सुप्याला यष्टी थांबली तवा त्यानं इचारलं.

“खरं हाय का?”

“व्हय.”

“राहात्याचं?”

“राहात्याच्या मामानं आजवर येक चिपटंबी धाडलं न्हाई.”

मी त्ये इतकं तोडून बोलायला नको हुतं. त्यो खिडकीतनं बाहेर बघत बसला. बाहेर बघन्यासारखं काय नव्हतं, सगळी रानं करपलेली. त्यानं तांब्याची फिरकी काढली, पानी पेला न्हाई, परत लावली.

घरी आल्यावर त्यो ज्वारीच्या भाकरीला शिवला न्हाई. मिलो दे म्हनला, आन मी कामावरनं माझ्या वाट्याची सुकडी, मजुरांना वाटायचं त्ये कोरडं पीठ, आनायचो ती पान्यात कालवून खायाचा. आई रडायची, म्हनायची तुमच्यासाठीच केलं. त्यो म्हनायचा, माझ्यासाठी केलं असतं तर मला सांगितलं असतं. डोळ्याचं नाव काढलं का उठून वड्याकडं जायचा. मी डॉक्टरची चिठ्ठी दावली, मी भांडलो, येकदा तर त्याचं पागोटं भिरकावून दिलं. भांडून त्यो कवा ऐकलाय? मलाबी त्ये ठावं हुतं, पन दुसरं काय मला येतच न्हाई. गोडीनं बोलनारी येकच हुती आमच्यात, ती पिंपरीला बाटल्या धूत हुती आन तिचा सांगावा परत आला न्हाई.

म्हैनाभरानं येका सकाळी मी कामावर निघालो हुतो. आबा ओट्यावर बसला हुता. त्यानं तांब्या घ्यायला हात लांब केला आन त्यो हात तांब्याच्या बाजूनं गेला. परत केला. परत बाजूनं. आई उजव्या अंगाला हुबी हुती, हातभर अंतरावर, त्यानं मला इचारलं का भीमा, तुजी आई कुठं गेली?

आई त्वांडात पदर घालून तशीच हुबी राह्यली.

त्याला समजलं. ठनका थांबला हुता, म्हनून त्याला वाटत हुतं का डोळा बरा झाला. ठनका थांबला कारन आत काय राह्यलंच नव्हतं. त्यानं डावा डोळा झाकून बघितला, उघडून बघितला, परत झाकला. मग म्हनला, “छबूकडं जाऊ.”

आईनं भाकरी बांधल्या, तर नको म्हनला. तांब्या भरला, तर वतून दे म्हनला. टँकरचं पानी, आईनं त्ये परत घागरीत वतलं.

त्या दिशी आमी आधी हापिसात गेलो, कानिफनाथनं सांगावा पोचवला तशी आत्या कामावरनं थेट तिथं आली. त्योच कारकून. त्यानं वळखलं. त्यानं काय इचारायच्या आधीच आबा हुबा राह्यला, खुर्चीवर बसला न्हाई, आन म्हनला, “लेक सांभाळती मला. तिचंच खातो. लिहा.” मोठ्यानं म्हनला, मागच्या बारीला तांब्या दावताना म्हनला हुता त्याहून मोठ्यानं. ऐकायला त्या दिशी कंपनीतलं कोन नव्हतं.

कारकुनानं लिहिलं. येवढंच काम हुतं. पान उलटायलाबी येळ लागला न्हाई.

पुन्याच्या डोळ्याच्या डॉक्टरनं दिव्यानं बघितलं, लई येळ बघितलं. उजवा गेला म्हनला. डाव्यातबी दाब चढायला लागलाय, त्यो आपरेशन करून आन थेंब घालून राखता येईल, पन थेंब जलमभर, येक दिवस चुकवायचा न्हाई. मग त्यानं आत्याला इचारलं, आधी का न्हाई आनलं? म्हैनाभर आधी आनलं असतं तर उजवाबी राह्यला असता, निदान थोडा. मी बोलनार हुतो, पन आबानंच सांगितलं. म्हनला, तिनं आनलं हुतं.

डाव्याचं आपरेशन झालं, कार्डावर, फुकट. आठ दिवस खाट, दूध, अंडं. आबा अंडं मला द्यायचा.

पट्टी सुटल्यावर आत्याच्या खोलीवर आलो. आबा ह्या बारीला पायरीवर बसला न्हाई. आत आला, भिंतीला टेकून बसला. म्हनला, छबू, पानी दे. आत्या चुलीपाशी हुती, ती तशीच थांबली. मग तिनं फुलपात्र घासलं. सवच्छ हुतं त्ये, तरी घासलं. नळाचं पानी भरलं आन त्याच्या म्होरं धरलं. आबाचा हात आधी बाजूनं गेला. तिनं त्याचा हात धरून फुलपात्राला लावला. त्यो घटाघटा पेला, थोडं मिशीवरनं सदऱ्यावर सांडलं.

मला वाटलं आत्या हसंल, न्हाईतर रडंल. पंधरा सालं वाट बघितली हुती बाईनं. तिनं रिकामं फुलपात्र घेतलं, मोरीत ठिवलं आन पाठमोरीच म्हनली, “डोळा देऊन पानी पेलात, आबा.”

आबा म्हनला, “व्हय.”

त्याचा सदरा काढून तिनं पाठीवरचा फाटा शिवला. इतका बारीक टाका घातला का शिवलेलं दिसू नये, पन मला दिसत हुतं.

आता थेंबाची बाटली संपत आली का मी पिंपरीला जातो. थेंब आत्याच्या कार्डावर मिळत्यात, घ्यायला आधी तिच्याकडं जाया लागतं. आबा दर बारीला दोर वळून देतो. त्याला मी सांगितलं का तिथं ना बैल ना हीर, आत्या दोराचं काय करनार? तरी देतो. तिनं त्ये दोर आडवं बांधून त्यावर लुगडी वाळत घातल्यात. आत्या गावाकडं अजून आली न्हाई. इचारलं का म्हनती रजा न्हाई. मी परत आलो का आबा इचारतो काय म्हनली. मी म्हनतो बरी हाय. मग परत इचारतो, आनि काय म्हनली? मला राग येतो. जे त्याला ऐकायचंय त्ये ती म्हनलेली नसती, आन माझ्याच्यानं बनवून सांगवत न्हाई.

आजबी निघताना त्यानं तांब्या माझ्या हातात दिला, रिकामा. म्हनला, येताना तिच्या नळाचं भरून आन, फिरकी घट्ट लाव, रस्त्यात सांडू नको. मी म्हनलो सुप्यापस्तोर गरम व्हईल त्ये. म्हनला, होऊ दे. आजून काय तरी सांगत हुता, ती येनार का म्हनून, का मी नीट इचारावं म्हनून, पन तिकडं कानिफनाथ ट्रकाचा हारन वाजवायला लागलाय आन त्यो कुनासाठी थांबत न्हाई. मला आता निघायला पायजे.